आफ्रिकी ध्वनिमुद्रिका : श्रवण आणि संग्रह

मराठी वाङ्मयाच्या अभ्यासकांपुढे आफ्रिकेतील एका ध्वनिमुद्रिकेचा विषय मांडणे प्रथमदर्शनी अप्रस्तुत वाटण्याचा संभव आहे. परंतु पांढुर्णा आणि सौसर ह्या दोन तालुक्यांतील शिक्षकांना तरी तो तसा वाटू नये. 1956 साली भाषावार प्रांतरचना झाली तेव्हा नागपूर एका राज्यात गेले आणि छिंदवाडा जिल्ह्याबरोबर हे तालुके दुसऱ्या राज्यात राहिले. 2023 साली पांढुर्णा हा स्वतंत्र जिल्हा झाला, तरी भाषेची स्थिती पूर्वीचीच आहे. घरात मराठी, कचेरीत हिंदी, कित्येक कुटुंबांत पवारी, आणि सातपुड्याच्या अंगाला गोंडी. एका आठवडी बाजारात तीन-चार भाषा सहज कानी पडतात. अशा प्रदेशातल्या मुलांना परभाषेतील गाणे ऐकायला शिकवणे म्हणजे त्यांच्या अंगी असलेल्या एका सवयीला शिस्त लावणे होय.

आज कोणत्याही खेड्यातील विद्यार्थी हातातल्या दूरध्वनियंत्रावर बोट ठेवून माली किंवा नायजर देशातील गायक क्षणात ऐकू शकतो, आणि तो ऐकतोही. मात्र काय ऐकावे, कसे ऐकावे, ऐकलेले आपल्या संग्रही कोणत्या मार्गाने आणावे, हे त्याला कोणी सांगितलेले नसते. पहिल्या दोन प्रश्नांचे उत्तर रसिकतेच्या प्रांतात शोधावे लागते. तिसरा प्रश्न तंत्राचा आहे, आणि काही अंशी नीतीचाही.

प्रारंभीच एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. ‘आफ्रिकी संगीत’ हा शब्दप्रयोग ‘आशियाई संगीत’ ह्या प्रयोगाइतकाच ढोबळ आहे. पन्नासाहून अधिक राष्ट्रांच्या खंडाला एक संगीत असणे शक्यच नाही. आपल्या इतिहासात त्या खंडाचे दर्शन घडते ते मलिक अंबराच्या आणि जंजिऱ्याच्या सिद्दींच्या निमित्ताने. तो संबंध पूर्व किनाऱ्याशी, मुख्यतः इथिओपियाशी होता. प्रस्तुत लेखात जिचा विचार करावयाचा आहे ती भूमी दुसऱ्या टोकाला, पश्चिमेकडे आहे. नायजर नावाची महानदी मालीच्या कोरड्या मुलखात शिरते, वाळवंटाच्या कडेला मोठे वळण घेते आणि मग समुद्राकडे वळते. त्या वळणाजवळ टिंबक्टू आहे, आणि तेथून नदीच्या वरच्या अंगाला निआफुंके हे गाव आहे.

निआफुंकेचा अली फार्का तुरे हा गायक आणि गिटारवादक 1939 साली जन्मला. त्याच्या आधीची नऊ भावंडे बालपणीच गेली होती. हा दहावा तेवढा जगला. ‘फार्का’ ह्या शब्दाचा अर्थ गाढव. चिवटपणाची खूण म्हणून हे नाव त्याला मिळाले. दगडू, धोंडू, केरबा ही आपल्याकडची नावे कोणत्या भीतीतून ठेवली गेली हे ज्यांना ठाऊक आहे त्यांना ह्या नावाचा अर्थ निराळा समजावून सांगावा लागू नये. एकतारी वाद्ये तो प्रथम शिकला, गिटार पुढे हाती आली. मालीच्या आकाशवाणीत त्याने काही वर्षे ध्वनियंत्रज्ञ म्हणून काम केले, आणि 1970 नंतरच्या दशकात तेथे मुद्रित झालेल्या त्याच्या गीतांचा एक संच पुढे 1996 मध्ये ‘रेडिओ माली’ ह्या नावाने निघाला. जगभर कीर्ती झाल्यावरही तो स्वतःला शेतकरीच म्हणवीत असे. 2004 साली तो निआफुंकेचा नगराध्यक्ष झाला आणि गावचे रस्ते, सांडपाण्याचे चर आणि विजेचे जनित्र ह्यांवर त्याने पदरचा पैसा घातला. 2006 च्या मार्च महिन्यात त्याचे निधन झाले.

त्याची सर्वांत प्रसिद्ध ध्वनिमुद्रिका ‘टॉकिंग टिंबक्टू’ ही 1994 सालची. तीत अमेरिकन वादक राय कूडर त्याच्या साथीला आहे. हा कूडर म्हणजे ज्याने त्याच्या आदल्याच वर्षी आपल्या विश्वमोहन भट्टांबरोबर ‘अ मीटिंग बाय द रिव्हर’ ही मुद्रिका काढली तोच. सोंघाय, फुला, बंबारा आणि तमाशेक अशा निरनिराळ्या भाषांतून अली फार्का गात असे. (तमाशेक ही वाळवंटातील तुआरेग लोकांची भाषा, आपल्या तमाशाशी तिचे काही नाते नाही.) एकाच कवीने चार भाषांत रचना करावी हे आपल्या संतपरंपरेला अपरिचित नाही. पण शेजाऱ्यांच्या भाषा कानांवरून जाता जाता त्यांतच गाऊ लागणे, ही गोष्ट पांढुर्ण्याच्या बाजारात वाढलेल्या मुलाला पुण्याच्या मुलापेक्षा लवकर उमगेल असे मला वाटते.

आता श्रवणाकडे वळू. भाषा मुळीच कळत नसताना गाणे ऐकायचे कसे? आपल्याकडील शिक्षित श्रोत्याची पहिली अडचण शब्दांची असतेच असे नाही; पुष्कळदा ती समेची असते. ख्याल असो, भजन असो, आवर्तन कोठे संपते आणि सम कोठे येते हे हेरण्याची आपल्या कानाला सवय असते. सम आली की मान हलते. अली फार्काचे गाणे सुरू होते तेव्हा गिटारीवर चार-सहा स्वरांची एक लहानशी आकृती येते, आणि ती पुन्हा पुन्हा येतच राहते. नवखा श्रोता वाट पाहतो की आता काहीतरी घडेल. पाच मिनिटे होतात, सहा होतात; आकृती तीच. मग तो कंटाळून यंत्र बंद करतो, आणि ‘ह्यात काही नाही’ असा निकाल देऊन मोकळा होतो.

चूक अपेक्षेची आहे. स्वतंत्र तबलावादनाच्या वेळी पेटीवर किंवा सारंगीवर जो लेहरा धरतात, तो क्षणभर आठवावा. लेहरा बदलत नाही. बदलावयाचाच नसतो. त्याच्या स्थिरतेमुळेच तबलजी काय करतो आहे हे आपल्याला कळते. अली फार्काच्या गाण्यात लेहरा आणि त्यावरचा खेळ ही दोन्ही कामे पुष्कळदा एकाच गिटारीवर, एकाच हाताच्या बोटांनी चालतात. अंगठा खालच्या तारांवर आकृती धरून ठेवतो, उरलेली बोटे वरच्या तारांवर मधूनच एखादी लकेर टाकतात. ती लकेर कधी आघाताच्या किंचित आधी येते, कधी किंचित नंतर. सारा रस ह्या ‘किंचित’मध्ये आहे. एकदा कान तेथे लावला म्हणजे सहा मिनिटे थोडी वाटू लागतात.

लयीची दुसरीही एक गंमत आहे. ती पश्चिम आफ्रिकेच्या फार मोठ्या भागात आढळते, आणि वर्गात ती शिकवता येते. बारा मात्रा मोजा. अर्ध्या वर्गाने पहिल्या, चौथ्या, सातव्या आणि दहाव्या मात्रेवर टाळी द्यावी. उरलेल्या अर्ध्याने पहिल्या, पाचव्या आणि नवव्या मात्रेवर. म्हणजे एका गटाचे तीन-तीन मात्रांचे चार विभाग झाले, दुसऱ्याचे चार-चार मात्रांचे तीन. दोन्ही टाळ्या एकत्र पडतात त्या फक्त पहिल्या मात्रेवर. प्रथम गोंधळ उडेल. पाच-दहा आवर्तनांनंतर मुलांना एक नवीच गोष्ट जाणवेल : आपण कोणत्या टाळीकडे लक्ष देतो त्याप्रमाणे तेच आवर्तन वेगळे ऐकू येते. आपल्या तालात विभागणी ठरलेली असते आणि गायक तिच्याशी झुंजतो. तेथे दोन विभागण्या एकाच वेळी नांदतात आणि निवड श्रोत्यावर सोपवलेली असते. दोहोंत श्रेष्ठ कोणते असा प्रश्न येथे काढू नये. कान कसा घडतो, एवढेच पाहावे.

स्वरांच्या बाबतीत आपल्याला फारसे परके वाटणार नाही. बऱ्याच गीतांत पाचच स्वर वापरलेले दिसतात. म्हणजे आपल्या भाषेत औडव जातीची रचना. भूप किंवा मालकंस ओळखणाऱ्या विद्यार्थ्याने ‘हा कोणता राग’ असे विचारले तर त्याला हसू नये. मात्र रागाचे चलन आणि स्वरसंच ह्यांतील भेद त्या निमित्ताने समजावून द्यावा. न्जार्का नावाचे एकतारी वाद्य अली फार्का वाजवीत असे, ते लहानशा भोपळ्याचे असते आणि गजाने वाजवतात. त्याचा खरखरीत, घसा बसल्यासारखा आवाज प्रथम कानाला टोचतो. हा दोष मुद्रणाचा नव्हे; त्या प्रदेशाला तो पोतच प्रिय आहे.

परधानांची आठवण येते ती येथे. गोंड समाजातील हे परंपरागत गायक. मंडल्याकडे बाना आणि इतरत्र किंगरी ह्या गजवाद्यावर ते आपल्या यजमान घराण्यांच्या वंशकथा आणि देवकथा गात आले. मालीत मांदे लोकांमध्ये ‘जेली’ नावाचे घराणेदार गायक असतात, त्यांचे कार्य जवळजवळ हेच : वंशावळी स्मरणात ठेवणे, यजमानाची कीर्ती गाणे, प्रसंगी त्याला खडे बोल सुनावणे. 2024 साली दिवंगत झालेला कोरावादक तुमानी दियाबाते अशाच घराण्यातला होता. कोरा म्हणजे मोठ्या भोपळ्यावर कातडे ताणून बनवलेले एकवीस तारांचे वाद्य. एकटा वादक त्यावर आधारस्वर, मुख्य धून आणि लकेरी अशी तिन्ही अंगे एकदम सांभाळतो. तुमानी आणि अली फार्का ह्या दोघांची ‘इन द हार्ट ऑफ द मून’ ही 2005 सालची मुद्रिका बामाको शहरात नायजरकाठच्या एका हॉटेलात मुद्रित झाली. जाणत्या श्रोत्याने प्रथम ती ऐकावी, असे मी सुचवीन. अली फार्का मात्र जेली नव्हता. तो प्रतिष्ठित कुळातला, आणि त्या समाजात कुलीनाने गाणे कमीपणाचे मानत. त्याचा मुलगा व्ह्यू फार्का तुरे गायक होऊ पाहत होता तेव्हा बापानेच विरोध केला. मुलाने सैन्यात जावे अशी त्याची इच्छा होती. आपल्याकडे घरंदाज कुटुंबातील मुलाने तमाशाच्या बोर्डावर उभे राहण्याबद्दल जे बोलले जाई त्यापेक्षा हे फारसे निराळे नाही.

त्याच व्ह्यूने 2022 साली ह्यूस्टनच्या ख्रुआंगबिन नावाच्या तीन वादकांच्या मेळ्याबरोबर ‘अली’ ही मुद्रिका काढली. तीत सगळी गीते वडिलांची आहेत. समकालीन आफ्रिकी ध्वनिमुद्रिका म्हणून एकच निवडावयाची तर शिक्षकांनी ही निवडावी, कारण तीत तुलनेची सोय आहे. ‘दियाराबी’ हे बंबारा भाषेतील प्रेमगीत ‘टॉकिंग टिंबक्टू’च्या शेवटी आहे आणि ते ‘अली’मध्येही आहे. दोन्ही एकामागून एक ऐकावीत. जुन्या गीतात गिटारीच्या तारा मोकळ्या आणि कोरड्या वाजतात, आवाज पुढे असतो. नव्यात तळाशी बास गिटारीचा गुबगुबीत स्वर सतत चालतो, ढोलांचा ठेका मऊ आहे, आणि सगळ्यावर एक दमट धुके पसरल्यासारखे वाटते. एकच चीज दोन घराण्यांनी मांडली म्हणजे जे कळते ते ह्या दोन गीतांतून कळते. माझे मत विचाराल तर जुने गीत मला अधिक रुचते; नव्यात गोडवा जरा जास्तच झाला आहे. पण सोळा वर्षांच्या विद्यार्थ्याला नवे गीत आधी आवडेल आणि त्याच वाटेने तो जुन्यापर्यंत पोचेल, हेही तितकेच खरे.

आता उतरवून घेण्याचा प्रश्न. ‘डाउनलोड’ हा शब्द रूढ झाला आहे, पण त्यामागे काय घडते हे पुष्कळांना ठाऊक नसते. ध्वनी ही हवेतील लहर. तिची उंची एका सेकंदात 44,100 वेळा मोजून ते आकडे लिहून ठेवणे, ही कॉम्पॅक्ट डिस्कची पद्धत. डाव्या आणि उजव्या अशा दोन्ही बाजूंचे आकडे धरले तर एका मिनिटाच्या संगीताला सुमारे 10 मेगाबाइट जागा लागते. एमपी3 ही पद्धत 1990 नंतरच्या दशकात जर्मनीत विकसित होऊन प्रचारात आली. मोठ्या आवाजाच्या सावलीत जो लहान आवाज कानाला ऐकूच येत नाही तो गाळून टाकणे हे तिचे सूत्र. त्यामुळे तेच मिनिट साधारण 1 मेगाबाइटात बसते. अर्थात गाळण फार केली की न्जार्काचा खरखरीत पोत आणि लकेरीचा ‘किंचित’पणा ह्यांचीच प्रथम हानी होते. म्हणून ज्याला अभ्यासासाठी ऐकावयाचे आहे त्याने फ्लॅकसारखी, काहीही न गाळता जागा वाचवणारी प्रत घ्यावी. जागा साधारण निम्मी लागते आणि ध्वनी मूळचाच राहतो.

वर्गणीवर चालणाऱ्या श्रवणसेवांतही ‘डाउनलोड’ असे एक बटन असते. त्याने गीत यंत्रात येते खरे, पण कुलूपबंद येते. वर्गणी थांबली की ते मुके होते. ते वाचनालयातून आणलेल्या पुस्तकासारखे समजावे. विकत घेतलेली प्रत आपल्या कपाटातल्या पुस्तकासारखी असते. बँडकॅम्पसारख्या विक्रीस्थळांवर ती मिळते आणि किमतीचा मोठा भाग कलावंताकडे जातो. फुकट वाटणाऱ्या चोरट्या स्थळांविषयी शिक्षकाने मुलांशी स्पष्ट बोलावे. भारतीय स्वामित्व कायद्यानुसार (1957) ध्वनिमुद्रणाचे हक्क प्रकाशनानंतर साठ वर्षे टिकतात. म्हणजे वर उल्लेखिलेली प्रत्येक मुद्रिका अद्याप संरक्षित आहे. परंतु त्याच कायद्यात शिक्षणसंस्थेच्या कार्यात, विद्यार्थी, शिक्षक, पालक आणि संस्थेच्या कार्याशी संबंधित माणसे एवढ्याच श्रोत्यांपुढे ध्वनिमुद्रण वाजवण्यास मुभा आहे. तेव्हा एक प्रत रीतसर घ्यावी आणि वर्गात निःशंकपणे ऐकवावी.

मात्र नीतीचा हा प्रश्न दिसतो तितका सरळ नाही, हे सहाराच्या एका हकिगतीवरून ध्यानात येते. माली आणि नायजरच्या वाळवंटी भागात दुकानापेक्षा गाण्यांचा प्रसार मोबाईलच्या मेमरी कार्डांतून होत आला. एका फोनवरून दुसऱ्या फोनवर, एका ट्रकचालकाकडून दुसऱ्याकडे. आपल्याकडेही मोबाईलच्या दुकानात काही रुपयांत कार्ड भरून देत, ते दिवस फार जुने नाहीत. अमेरिकेतील साहेल साउंड्स ह्या प्रकाशनसंस्थेच्या ख्रिस्तोफर कर्कलीने किदाल गावी अशी गाणी गोळा केली, गायकांचा शोध घेतला आणि 2011 साली ‘म्यूझिक फ्रॉम सहारन सेलफोन्स’ ही तबकडी काढली. तीत नायजरमधील तुआरेग गायक एमदू मोक्तार ह्याचे एक गीत होते. सायकलीच्या ब्रेकच्या तारा लावून त्याने आपली पहिली गिटार बनवली होती. 2021 साली त्याची ‘आफ्रिक व्हिक्तिम’ ही मुद्रिका जगभर वाखाणली गेली. म्हणजे ज्या हस्तांतराने त्याला एक पैसाही मिळाला नाही त्यानेच त्याचे नाव वाळवंटाबाहेर नेले. चोरीचे समर्थन मी करीत नाही. कर्कलीने गायकाला शोधून काढले, त्याचे नाव लिहिले आणि त्याचा वाटा त्याला दिला. केवळ नक्कल करणाऱ्याहून तो येथे वेगळा ठरतो.

त्या कार्डांचे मोल 2012 साली दिसले. त्या वर्षी उत्तर माली सशस्त्र गटांच्या हाती गेला, निआफुंकेही त्यात आले, आणि संगीतावर बंदी घालण्यात आली. वाद्ये जाळली गेली, नभोवाणी केंद्रांवरून गाणी बंद झाली, कलावंत दक्षिणेकडे किंवा परदेशी निघून गेले. गावचा गायक पळाला, वाद्य जळाले, तर गाणे उरते कोठे? जे मुद्रित होते तेवढेच उरले.

आपल्यावर अशी आपत्ती आलेली नाही. पण गाणे बंदी घालूनच जाते असे नाही. पिठाची गिरणी आल्यानेही जाते. जात्यावर बसणाऱ्या बाया गेल्या तशा ओव्या गेल्या. पुण्याच्या हेमा राईरकर आणि मूळचे फ्रेंच असलेले गी पॉइटेव्हाँ ह्यांनी 1980 नंतरच्या दशकापासून ओव्या गोळा करण्यास आरंभ केला. त्यांची संख्या एक लक्ष दहा हजारांवर गेली. पुढे बर्नार्ड बेल ह्यांनी त्यांतील सुमारे 120 तासांचे गायन मुद्रित केले, आणि 2017 पासून पारी ही संस्था ते सर्वांसाठी प्रसिद्ध करीत आहे. मालीचे गीत जसे बोट ठेवताच ऐकू येते तशीच ह्या बायांची ओवी आज ऐकू येते, आणि गाणारीचे नाव व गाव तीबरोबर दिलेले असते. परंतु तो उपक्रम मुख्यतः महाराष्ट्रातील गावांपुरता होता. ह्या मुलखातील परधानांवर पुस्तक लिहिणारे शामराव हिवाळे (1946) आणि गोंडांची गीते हिवाळ्यांसह इंग्रजीत आणणारे व्हेरिअर एल्विन ह्यांनी मोठे काम केले, ह्यात शंका नाही. पण छापील पानावर शब्द उरतात, आवाज उरत नाही. पोळ्याच्या झडत्या, भुलाबाईची गाणी, पवारी विवाहगीते ही सीमेच्या अलीकडच्या आजीच्या तोंडी कशी येत, तिचा हेल नागपूरच्या हेलापासून कोठे फुटतो, हे पुस्तकातून कळण्याची सोय नाही.

ज्या यंत्रावर विद्यार्थी ‘दियाराबी’ ऐकतो त्याच यंत्रात ध्वनिमुद्रक आहे. तेव्हा श्रवणाचा हा पाठ झाल्यावर मुलांना घरी पाठवावे. मुद्रण एमपी3 मध्ये न करता वेव्ह ह्या न गाळलेल्या प्रकारात करावे. पंखा बंद, खिडकी लोटलेली, यंत्र विमान-अवस्थेत आणि गाणारीपासून हातभर अंतरावर. आधी तिची संमती घ्यावी. गाणे बाहेर कोणाला ऐकवलेले चालेल हे तिलाच ठरवू द्यावे. आरंभी मुलाने स्वतःच्या आवाजात तारीख, गाव आणि प्रसंग सांगावा, आणि भाषेचे नाव गाणारी जे सांगेल तेच लिहावे. ती पवारी म्हणाली तर आपण तेथे ‘मराठीची बोली’ असे दुरुस्त करून लिहू नये. मध्येच ती थांबली, विसरली, हसली, तरी कापू नये. प्रती दोन कराव्यात : एक शाळेत आणि एक त्या घरी, तिच्या नातवंडांच्या फोनात.